मानेची शीर

'पाल्याच्ची' या ऑपेरात एक जागा अशी आहे, की तिथे एकाच गायकाने दोन भूमिका करणं रंगमंचावर शक्यच नाही. नेद्दा आणि तिचा गावातला प्रियकर सिल्वियो चोरून भेटतात, रात्री पळून जायचं ठरवतात. कुबडा विदूषक तोनियो आडोशाला राहून ते ऐकतो आणि नेद्दाच्या नवऱ्याला, कानियोला, बोलावून आणतो. सिल्वियो भिंतीवरून उडी टाकून पसार होतो, त्याच घटकेला तोनियो आत येतो. तोनियो आणि सिल्वियो, दोन्ही भूमिका बॅरिटोनच्या, म्हणजे पुरुषाच्या मधल्या पट्टीच्या आवाजाच्या. मारियो कोस्ताने १९४८ साली या ऑपेराचा चित्रपट केला, त्यात दोघंही इटालियन बॅरिटोन तीतो गोब्बी आहे. गोब्बी प्रेमात पडलाय आणि गोब्बीच ते चोरून बघतोय.

इथवर ती एक कसरत म्हणून सोडून देता येईल. पण बाकीची पात्रं बघा. कानियो हा टेनर, म्हणजे पुरुषाचा उंच पट्टीचा आवाज. पडद्यावर दिसतो आफ्रो पोली, जो स्वतः बॅरिटोन होता, आणि ऐकू येतो टेनर गाल्यानो मासीनी. नेद्दा म्हणून दिसते जेमतेम विशीतली जीना लोल्लोब्रिजिदा. आवाज ओनेलिया फिनेस्कीचा. बेप्पेचा चेहरा फिलिप्पो मोरुच्चीचा आणि गळा जीनो सिनिम्बेर्गीचा. गाणारी मुख्य पात्रं पाच. त्यांतल्या तिघांचे चेहरे एकाचे, गळे दुसऱ्याचे. उरलेली दोन पात्रं एकाच माणसाची. म्हणजे या अख्ख्या चित्रपटात मुख्य गायकांपैकी ज्याचं तोंड हलतं आणि ज्याचा आवाज येतो तो एकच, असा माणूस फक्त गोब्बी.

त्याची चित्रपटातली सगळी कारकीर्द या एका गोष्टीवर उभी आहे.

गोब्बी १९१३ साली उत्तर इटलीत बास्सानो देल ग्राप्पाला जन्मला. पादुआला कायदा शिकायला गेला आणि मग रोममध्ये जुलियो क्रिमी या जुन्या टेनरकडे गाणं शिकला. १९३५ मध्ये गुब्बियोला पहिली भूमिका, १९३६ मध्ये व्हिएन्नाच्या स्पर्धेत यश, १९४२ मध्ये मिलानचं ऑपेरागृह ला स्काला. सिनेमात तो १९३७ पासूनच होता. आवाज मोठा होता, पण प्रचंड नव्हता. अगदी वरचे सूर हे त्याचं बलस्थान कधीच नव्हतं. त्याची खरी दौलत म्हणजे शब्द. एकाच वाक्यात तीनदा आवाजाचा रंग बदलायचा आणि तरी ओळ तुटू द्यायची नाही. (मेहुणा कोण, तर बल्गेरियाचा खर्जातला गायक बोरिस ख्रिस्तोफ. एका घरात एवढे दोन खर्जाकडचे आवाज म्हणजे जेवणाच्या टेबलावर काय होत असेल कोण जाणे.)

महायुद्ध संपलं तेव्हा इटलीत नाटकघरं जखमी होती. ला स्कालावर ऑगस्ट १९४३ मध्ये बाँब पडले आणि ते पुन्हा उघडलं ते मे १९४६ मध्ये. रोमचा चिनेचित्ता स्टुडिओ निर्वासितांची छावणी झाला होता. अशा वेळी ऑपेराचा चित्रपट हा निर्मात्याला सोयीचा धंदा होता: गोष्ट तयार, संगीत लोकांच्या ओठांवर, वाद्यवृंद आणि कोरस घरचा, आणि परदेशात विकायला भाषेची अडचण कमी. कार्मिने गालोने आणि मारियो कोस्ता या दोन दिग्दर्शकांनी ही खाण पुढची काही वर्षं उपसली. गोब्बीचा 'रिगोलेत्तो' १९४६ चा, 'सेव्हिलचा न्हावी' आणि 'प्रेमाचं औषध' त्याच्या मागोमाग, मग 'पाल्याच्ची', मग १९५० च्या सुमाराला 'नियतीची शक्ती'.

आणखी एक कारण होतं, ते कमी सांगितलं जातं. इटालियन सिनेमाला आवाज नंतर चढवायची सवय १९३० च्या दशकापासूनच जडली होती. परदेशी चित्रपट तर इटालियनमध्ये डब होतच, पण घरचे नटही बऱ्याचदा दुसऱ्याच्या आवाजात बोलत. चेहरा एकाकडून आणि आवाज दुसऱ्याकडून घेणं यात तिथे कुणाला काही वावगं वाटत नव्हतं. ऑपेराने फक्त क्रम उलटा केला: संवादाचा आवाज चित्रीकरणानंतर येतो, गाण्याचा आधी. आपल्याला प्लेबॅक नवा नाही. पण आपल्याकडे गाणारा सहसा पडद्यावर येत नाही, म्हणून त्याचा अपमानही होत नाही. इटलीत प्रशिक्षित गायक पडद्यावर उभा असे आणि त्याच्या तोंडात दुसऱ्याचा आवाज असे.

आता हे काम प्रत्यक्षात कसं चालतं ते बघू, कारण गोब्बीचं मोठेपण तिथेच कळतं.

पहिली पायरी कात्री. अडीच तासांचा ऑपेरा दीड-पावणेदोन तासांत बसवायचा. कुठेही कापता येत नाही. कापलेल्या जागेच्या अलीकडची आणि पलीकडची पट्टी जुळली पाहिजे, नाहीतर कानाला ठेच लागते. म्हणून आधी जातात त्या पुनरावृत्ती, मग कोरसचे लांब तुकडे, मग द्रुत भागाचं दुसरं कडवं. हे दुसरं कडवं जातं तेव्हा गायकाचं नुकसान होतं, कारण तिथेच तो तीच ओळ वेगळी म्हणून दाखवणार असतो.

मग ध्वनिमुद्रण. गायक वाद्यवृंदाबरोबर मायक्रोफोनपुढे उभा राहतो, संचालक समोर असतो, सगळं नेहमीसारखं. पण त्या दिवशी त्याने जिथे श्वास घेतला तिथेच पुढे कॅमेऱ्यासमोर घ्यावा लागणार. जिथे हुंदका दिला तिथेच हुंदका. अभिनय त्या दिवशी ठरून गेला, आणि सेट अजून उभासुद्धा नाही! साधा हिशेब घ्या. दोन ओळींमध्ये वाद्यांचे १२ आवर्तनांइतके तुकडे आहेत, प्रत्येकात चार मात्रा, लय मिनिटाला ६० मात्रांची: ४८ सेकंद झाले. सेटवरचा जिना उतरायला लागतात ३० सेकंद. उरलेले १८ सेकंद नटाने काय करायचं? रंगमंचावर संचालक नटाकडे बघून लय थोडी पुढे ढकलतो. इथे लय फिल्मवर गोठलेली आहे. मग नट खिडकीशी जातो, हातमोजे काढतो, उगाच मागे वळून बघतो. जुन्या ऑपेरापटांत जी विनाकारण येरझार दिसते, तिच्यामागे बहुतेक वेळा असे उरलेले सेकंद असतात.

चित्रीकरणाच्या वेळी तो आवाज सेटवर भोंग्यातून वाजवतात. त्यात पहिला घोटाळा अंतराचा. आवाज सेकंदाला सुमारे ३४० मीटर जातो. चित्रपटाच्या एका सेकंदात २४ फ्रेम. म्हणजे भोंगा गायकापासून १४ मीटर लांब असेल तर त्याला सूर एक फ्रेम उशिरा ऐकू येतो. दूरचा शॉट असला की भोंगा चित्रात दिसू नये म्हणून मागे न्यावा लागतो, ३० मीटर गेला की दोन फ्रेमचा उशीर झाला. एकटा गायक असेल तर संकलक नंतर आवाजाची पट्टी तेवढी सरकवून घेतो. पण पुढे नायक आणि मागे वीस मीटर खोलीपर्यंत कोरस असेल, तर कुणाच्या ओठांना धरून सरकवायची? नायकाला धरायची आणि कोरसला धुरात किंवा अंधारात ठेवायचं, हाच उपाय. उघड्यावर वारा सुटला की भोंग्याचा आवाजच उडून जातो, ती भानगड वेगळी.

ओठ चुकले हे प्रेक्षकाला कुठे कळतं? स्वरांवर नाही. 'आ' दोन फ्रेम इकडेतिकडे झाला तर डोळा माफ करतो. पकडलं जातं ते ओष्ठ्य वर्णांवर: प, ब, म. तिथे ओठ मिटलेच पाहिजेत, आणि मिटलेले ओठ लांबूनही दिसतात. रिगोलेत्तोचं जे मोठं स्वगत आहे, 'आम्ही दोघं सारखेच, माझं शस्त्र जीभ आणि त्याचं खंजीर' असं म्हणणारं, त्याचे पहिले दोन शब्द इटालियनमध्ये 'पारी स्यामो'. सुरुवातीलाच 'प', आणि चार अक्षरांत 'म'. गायक एकटा, वाद्यवृंद जवळजवळ गप्प, लय मोकळी. मोकळी लय ऐकायला सुंदर आणि जुळवायला भयंकर, कारण मोजायला मात्राच नाहीत. आपणच महिन्याभरापूर्वी किती थांबलो होतो ते अंगात मुरलेलं असावं लागतं.

'सेव्हिलच्या न्हाव्या'त फिगारोचं प्रवेशगीत याच्या उलट टोकाला. तिथे मात्रा घड्याळासारख्या पडतात, पण सेकंदाला सहा-सात अक्षरं. अक्षरामागे साडेतीन-चार फ्रेम. दोन फ्रेम चुकलात तर अर्धं अक्षर चुकलं, आणि जीभ एकदा मागे पडली की कडव्याच्या शेवटापर्यंत सापडत नाही. म्हणून असं गाणं छोट्या तुकड्यांत घेतात, आणि प्रत्येक तुकड्याआधी मागच्या दोन ओळी वाजवतात. धावत्या गाडीत चढताना गाडीबरोबर चार पावलं पळावं लागतं, तसं.

आणि चित्रपटगृहातही सगळं बिघडू शकतं, हे विसरायला नको. ३५ मिलिमीटरच्या फिल्मवर आवाजाची पट्टी तिच्या चित्राच्या २० फ्रेम पुढे छापलेली असते, कारण यंत्रात आवाज वाचणारा भाग भिंगाच्या खाली असतो. ऑपरेटरने फिल्म घालताना वळसा लहान-मोठा ठेवला की महिनाभराची मेहनत पाण्यात.

पण ओठ जुळवणं हा खरं तर सोपा भाग. अवघड भाग गळ्याखालचा.

गाणारा माणूस ओठांनी गात नाही. बरगड्या पसरतात, पोट घट्ट होतं, मानेची शीर वर येते, मोठा सूर सोडल्यावर खांदे एक कणभर खाली बसतात. मुका अभिनय करणारा नट जबडा हलवतो आणि छाती शांत ठेवतो. मग आवाज त्याच्या मागून कुठूनतरी येतो असं वाटतं. उपाय म्हणून प्रत्येक टेकला पूर्ण आवाजात गावं, तर दहाव्या टेकला गळा बसतो आणि रात्री थिएटरात प्रयोग असतो. मधला रस्ता असा: श्वास पूर्ण घ्यायचा, आधार पूर्ण द्यायचा, आवाज मात्र अर्धाच काढायचा. हे ऐकायला साधं आहे. करायला घ्या: पूर्ण श्वास अर्ध्या आवाजात खपत नाही, तो उरतो, आणि पुढच्या श्वासाच्या जागी छाती आधीच भरलेली असते. सरावलेला गायक तो जादा श्वास नाकावाटे चोरून सोडून देतो.

दुसरी बारीक गोष्ट उच्चारांची. बॅरिटोनचा आवाज मधल्या सप्तकाच्या वर चढू लागला की गायक स्वर उघडा ठेवत नाही, झाकतो. 'ई' म्हणताना ओठ बोलतानासारखे फाकत नाहीत, थोडे गोल होतात, जबडा उतरतो. मुद्रित आवाज झाकलेला आणि पडद्यावरचे ओठ फाकलेले, असं झालं की बघणाऱ्याला नेमकं काय चुकलं ते सांगता येत नाही, पण चेहरा खोटा वाटतो. नटी कितीही हुशार असो, हे तिला शिकवून येत नाही, कारण ते ऐकू येत नाही, ते गळ्यात घडतं. 'पाल्याच्ची'च्या प्रस्तावनेत परंपरेने बॅरिटोन जे दोन उंच सूर घालतात (स्वरलिपीत ते नाहीत) तिथे क्लोजअप घ्यायचा की लांबून, हा दिग्दर्शकापुढचा नेहमीचा पेच. उघड्या तोंडाचा दहा सेकंदांचा क्लोजअप हा दंतवैद्याचा विषय आहे. शहाणे दिग्दर्शक सूर चालू असताना ऐकणाऱ्याच्या चेहऱ्यावर जातात. पुढे दिग्दर्शक पोनेलने १९७६ च्या 'फिगारोच्या लग्ना'त त्याच्याही पुढची युक्ती काढली: पात्र मनातलं गात असेल तर ओठच मिटलेले ठेवायचे.

'रिगोलेत्तो'त गोब्बी ३३ वर्षांचा आहे आणि वयात आलेल्या मुलीचा बाप. संगीत संचालन तुल्लियो सेराफिनचं, त्यामुळे पाया पक्का. मुलगी जिल्दा हिचा आवाज लीना पाल्यूगीचा. तिचा गळा पोरवयाचा आणि निर्मळ, पण अंगलट अशी की कॅमेऱ्यासमोर तिला कोवळी मुलगी म्हणून उभं करायला कुणी धजावलं नाही. म्हणून चेहरा मार्चेल्ला गोवोनीचा. बापलेकीच्या द्वंद्वगीतांत गोब्बीपुढचा प्रश्न विचार करण्यासारखा आहे. मायक्रोफोनपुढे तो पाल्यूगीबरोबर गायला, तिच्या श्वासाला आपला श्वास बांधला. कॅमेऱ्यासमोर मिठीत आहे ती गोवोनी, जिचा श्वास भलतीकडेच चालू असणार. मिठीत तर दुसऱ्याचा श्वास सगळ्यात आधी जाणवतो. अशा वेळी दोघांचा ताळमेळ एकट्याने सांभाळायचा: हात कधी घट्ट करायचा, मान कधी वळवायची, हे सगळं मुद्रित आवाजातल्या बाईप्रमाणे, हातातल्या बाईप्रमाणे नव्हे.

रंगभूषा हा त्याचा हातखंडा. तो चित्रं काढायचा, आणि भूमिकेचा चेहराही आधी चित्रासारखा आखायचा. थिएटरातली रंगभूषा वीस मीटरवरून दिसावी म्हणून केलेली असते: नाकाच्या कडेला गडद रेघ, गालाखाली सावली. तीच क्लोजअपमध्ये काजळी फासल्यासारखी दिसते. सिनेमाने त्याला सावली खोडायला शिकवलं, आणि ते कमावलेलं त्याने परत थिएटरात नेलं. 'तोस्का' या ऑपेरातला पोलीसप्रमुख स्कार्पिया ही त्याची गाजलेली भूमिका, तिचा क्रूरपणा भुवयांत नव्हता. एखाद्या सभ्य सरदारासारखा तो नम्रपणे वाकायचा, आणि भीती त्या वाकण्याची वाटायची.

आफ्रो पोलीकडे परत येतो, कारण त्याच्याशिवाय गोब्बीचं नशीब समजत नाही. पोली १९०२ चा. काही साधासुधा गायक नव्हता: १९३२ च्या 'डॉन पास्क्वाले'च्या ध्वनिमुद्रणात तीतो स्कीपाबरोबर तो आहे, १९३८ च्या 'ला बोहेम'मध्ये बेन्यामिनो जिल्यीबरोबर मार्चेल्लो तोच. देखणा, पडद्यावर शोभणारा, संगीत पाठ असलेला. तर सिनेमाने त्याचं काय केलं? 'पाल्याच्ची'त त्याला टेनरच्या आवाजात ओठ हलवायला लावले. १९५३ च्या 'आयदा'त तो आमोनास्रो आहे, ही बॅरिटोनचीच भूमिका. आवाज जीनो बेकीचा. १९५६ च्या गालोनेच्या 'तोस्का'त स्कार्पिया आहे, पुन्हा बॅरिटोनच. आवाज ज्यानजाकोमो ग्वेल्फीचा. त्याच 'आयदा'त सोफिया लोरेनला रेनाता तेबाल्दीचा आवाज मिळाला तो सगळ्यांना ठाऊक आहे, त्याचे किस्सेही झाले. लोरेन गायिका नव्हती, तिचं काही गेलं नाही. पोलीचं गेलं. आणि गंमत अशी की काम तोच सगळ्यात चोख करू शकणारा: बेकीने कुठे श्वास घेतला असेल, कुठे स्वर झाकला असेल, हे दुसऱ्या बॅरिटोनशिवाय कुणाला कळणार? सिनिम्बेर्गीचंही तसंच. एका चित्रपटात तो दुसऱ्याला आवाज देतो, आणि 'नियतीची शक्ती'त पडद्यावर उभा राहून मासीनीचा आवाज घेतो. त्यात कार्लोच्या भूमिकेत गोब्बी मात्र पुन्हा स्वतःच्याच गळ्याने.

याला तांत्रिक उत्तर पुढे निघालं. जुलै १९९२ मध्ये रोममधल्या खऱ्या जागांवर आणि खऱ्या वेळी, म्हणजे चर्चमधला अंक दुपारी, राजवाड्यातला रात्री आणि किल्ल्यावरचा पहाटे, असा 'तोस्का' थेट प्रक्षेपित झाला. वाद्यवृंद लांब एका स्टुडिओत, आणि त्याच्यापुढे मुंबईत जन्मलेले झुबिन मेहता. गायक त्यांना पडद्यांवर बघत होते, वाद्यं विजेच्या तारेतून येत होती, म्हणून १४ मीटरला एक फ्रेम हा जुना हिशेब निकालात निघाला. त्यात गाणारा प्लासिदो दोमिंगो २०१० साली मेहतांच्याच संचालनात मान्तुआमध्ये रिगोलेत्तो झाला: ६९ व्या वर्षी, जन्मभराचा टेनर, बॅरिटोनच्या भूमिकेत, स्वतःच्या गळ्याने.

गोब्बीला असा थेट कॅमेरा उतारवयाकडे झुकताना मिळाला, आणि माझ्या मते त्याच्या पंचवीसेक चित्रपटांपेक्षा ते दोन तुकडे मोलाचे आहेत. दोन्ही 'तोस्का'चा दुसरा अंक, दोन्हींत समोर मारिया कॅलास. पहिला १९ डिसेंबर १९५८, पॅरिस. दुसरा ९ फेब्रुवारी १९६४, लंडनचं कोव्हेंट गार्डन. भोंगा नाही, पट्टी नाही, दुसरा टेक नाही. तोवर त्याने सिनेमात वीस वर्षं घालवली होती, त्यामुळे कॅमेरा कुठे आहे हे न बघता त्याला माहीत असे. शेवटच्या रांगेसाठी हात उंचावायची गरज उरली नव्हती. तोस्काला शहराबाहेर जाऊ देणारा परवाना लिहिताना स्कार्पियाची पाठ असते, तेवढ्यात तोस्काला जेवणाच्या टेबलावरची सुरी दिसते. मग तो उठून येतो, आणि सुरी छातीत.

इथून पुढे स्कार्पियाचे शब्द सुरांत लिहिलेले आहेत, पण ते घुसमटत म्हणायचे आहेत: 'मदत', 'मरतोय'. घुसमट खरी केली तर सूर जातो, सूर राखला तर मरण नाटकी होतं. म्हणून श्वास पूर्ण ठेवून फक्त व्यंजनं फोडायची. मग तो पडतो. त्यानंतर पडदा पडेपर्यंत त्याला एक सूर नाही, आणि सगळ्यात अवघड काम तेच आहे. चाळीसेक मिनिटांच्या अंकाचा बराच भाग ज्याने पूर्ण आवाजात पेलला, त्याचं हृदय धडधडत असतं, छाती भात्यासारखी चालत असते. प्लेबॅकच्या चित्रीकरणात हा प्रश्नच येत नाही. प्रेताचा शॉट वेगळा घेतात, दमलेला कुणीच नसतो. इथे तोस्का त्याच्या दोन्ही बाजूंना मेणबत्त्या ठेवते, कॅमेरा तिच्या हातांबरोबर खाली येतो, आणि ती भिंतीवरचा क्रूस काढून त्याच्या छातीवर ठेवते. छातीवर ठेवलेली वस्तू श्वासाबरोबर हलते. तेव्हा श्वास छातीतून काढून पोटाच्या तळाशी न्यायचा, कॅमेऱ्यापासून लांबच्या कुशीत, आणि तोंड किंचित उघडं ठेवून नाकपुड्या स्थिर ठेवायच्या.